शंका क्रमांक नऊ

सरांनी कागद वाचलाच नाही. चष्मा कपाळावर तसाच ठेवून त्यांनी तो हातभर लांब धरला, पडद्याचं कापड पसंत करताना धरतात तसा, आणि खाली उजव्या कोपऱ्यात मोकळी जागा दिसली तिथे झोकात सही ठोकली. सहीच्या वर लिहिलं, 'सर्व मान्य'.

"चौदा शंका आहेत, सर," ती म्हणाली. "बाकीच्या किरकोळ आहेत. नववी तेवढी तुम्ही नजरेखालून घातली असती तर..."

"सूची हे तुमचं खातं, बाई. मी कोणाच्या कामात लुडबुड करत नाही." सरांनी मान जराशी वळवली. "करतो का हो?"

"छे, कधीच नाही," शेजारच्या खुर्चीतून उत्तर आलं.

उत्तर देणारे गृहस्थ पंचेचाळिशीचे, स्वतः इतिहासाचे प्राध्यापक, दोन मुलांचे बाप. पण गेली वीस वर्षं सरांच्या चष्म्याचं घर यांच्या खिशात असायचं आणि सरांच्या वाक्याचा शेवट यांच्या तोंडात. विद्यापीठात सगळे त्यांना सावली म्हणत. तोंडावर म्हणत, आणि तेही हसत.

ती पुस्तकांच्या सूची करायची. जाड पुस्तकाच्या शेवटी बारीक टायपात जी पानं असतात, कोणतं नाव, कोणता विषय कुठे आला ते सांगणारी, आणि जी वाचकाने उघडली तर उघडली, ती पानं तिची. सव्वीस वर्षं हेच काम. सर म्हणजे आरंभीच्या मध्ययुगातल्या युरोपाचे बडे इतिहासकार. सत्ता कोणाच्या हाती कशी जाते आणि समाज तिच्यापुढे कसकसा वाकतो, यावर त्यांची तीन पुस्तकं होती. आता ऐंशीव्या वाढदिवसाच्या निमित्ताने ती तिन्ही एका खंडात निघणार होती, आणि तिन्हींची मिळून एकच सूची करायचं काम प्रकाशकाने तिच्याकडे दिलं होतं.

तिने कागद घेतला. घेण्यासाठी तिला उठून सहा पावलं चालावं लागलं, कारण तिची बैठक दाराजवळच्या स्टुलावर होती. सरांच्या दिवाणखान्यात कोणी कुठे बसायचं हे कोणी सांगत नसे, पण चुकतही नसे. खिडकीपाशी सर. त्यांच्या उजव्या हाताला सावली. मग कोचावर विभागप्रमुख वगैरे मंडळी, मग वेताच्या खुर्च्यांवर पीएचडीवाले, आणि छत्र्यांच्या शेजारी स्टूल. चहासुद्धा याच क्रमाने फिरायचा आणि स्टुलापर्यंत येईतो पार कोमट होऊन जायचा. याच माणसाने तिसऱ्या पुस्तकात चाळीस पानं खर्चून दाखवून दिलं होतं की, सरदाराच्या दालनात कोण शेकोटीपासून किती लांब बसतो त्यावर त्याची किंमत ठरते. काय ती बारकाई, काय तो उपरोध. जन्मभर दुसऱ्यांची वाकलेली पाठ मोजली आणि स्वतःच्या घरातलं स्टूल काही दिसलं नाही. तिला किळस आली, आणि खरं सांगायचं तर बरंही वाटलं.

बरं वाटायला कारण होतं. दुसऱ्या पुस्तकात सरांचं एक गाजलेलं प्रकरण होतं, न वाचता दस्तावर फुली मारणाऱ्या सरदारांवर. मठातले भिक्षू दस्त लिहून आणतात, सरदार ऐटीत फुली ओढतो, आणि आपण काय देऊन बसलो हे त्याला मरेपर्यंत कळत नाही. ते प्रकरण सर व्याख्यानांत नकला करून सांगायचे. लोक हसून लोटपोट व्हायचे.

तिने सही केलेला कागद घडी न घालता पिशवीतल्या फायलीत ठेवला.

घरी ताई मटार सोलत बसली होती. ताई म्हणजे तिची मोठी बहीण, इस्पितळात मुख्य परिचारिका होती, आता निवृत्त. दोघींचंच घर.

"केली का सही?"

"केली."

"वाचून?"

"वाचून केली असती तर मी इतक्यात परत आले असते का?"

ताईने एक शेंग फोडली. "मला अजून एकदा सांग बाई, त्या नवव्या शंकेत एवढं आहे तरी काय."

ती सांगायला बसली. तसं तिने चार वेळा सांगितलं होतं, पण सांगायला तिला आवडायचं.

सरांचं नाव झालं ते पहिल्या पुस्तकाने. एका डोंगराळ खोऱ्यातल्या मठात नवव्या शतकातले जमिनीचे दस्त जपून ठेवलेले होते. त्यांतल्या एकेचाळीस दस्तांवर एकच नाव आलेलं. सरांनी त्या नावाचा माणूस उभा केला. आधी हा द्राक्षमळ्याचे दोन-चार तुकडे बाळगून असलेला साधा शेतकरी. मग इतरांच्या दस्तांवर साक्षीदार. मग शेजाऱ्यांच्या जमिनी घशात घालणारा. आणि अखेरीस न्यायसभेत बाकावर बसून खोऱ्याचे निवाडे करणारा. सरांनी त्याला 'खोऱ्याचा धनी' म्हटलं. सत्ता वरून मिळत नसते, हुशार माणूस ती खालून पायरी पायरीने चढत जाऊन मिळवतो, हा सरांचा सिद्धांत. आणि त्याचा सगळा भार या एका धन्याच्या डोक्यावर. तीस वर्षं पोरं परीक्षेत त्याच्यावर टिपा लिहीत होती.

"आणि तू म्हणतेस, तो एक नव्हताच," ताई म्हणाली.

"दोघं होते. एकाच नावाचे दोघं."

हे ती तीस वर्षांपूर्वीही म्हणाली होती. तेव्हा ती सरांची विद्यार्थिनी होती, बावीस वर्षांची, मागच्या बाकावरची. वर्गात उभी राहून तिने विचारलं होतं की काही दस्तांवर धनी फुली मारतो आणि काहींवर स्वतःच्या हाताने नाव लिहितो, तर ही माणसं दोन असतील का. सर हसले होते. म्हणाले होते, "माणूस शिकतो, बाळ. लिहायलाही शिकतो. तूही शिकशील." सगळा वर्ग खिदळला. पुढे वडील अंथरुणाला खिळले, शिक्षण सुटलं, आणि घरी बसून करता येईल असं हे सूचीचं काम तिने धरलं. सरांना तिचा चेहरा आठवत नव्हता. सरांना कोणाचाच आठवत नसे.

तेव्हा तिच्याकडे पुरावा नव्हता, नुसती शंका होती. पुरावा आत्ता हाती लागला, तोही सूचीमुळे. सूची करताना तिची एक पद्धत होती. मोठ्या माणसाच्या नोंदी ती आधी तारखेने लावून घ्यायची. तिन्ही पुस्तकांतला धनी कार्डांवर उतरवून तिने टेबलावर ओळीत मांडला आणि दोन कार्डं एकावर एक आली. बारा सप्टेंबर आठशे बावीस. पहिल्या पुस्तकात, पान दोनशे सात: धनी मठाच्या दारात उभा राहून आपला शेवटचा द्राक्षमळा मठाला देतो. तिसऱ्या पुस्तकात, पान तीनशे अठरा: त्याच दिवशी, घोड्यावरून सहा दिवसांच्या अंतरावरच्या न्यायसभेत, धनी न्यायाधीशांच्या बाकावर. दस्त दोन वेगळ्या मठांतले, पुस्तकं अकरा वर्षांच्या अंतराने लिहिलेली. सरांनी ती पानं कधी शेजारी ठेवली नव्हती. तिसऱ्या पुस्तकाची मुद्रितं सावलीने डोळ्यांत तेल घालून तपासल्याचं त्याच्या प्रस्तावनेत छापलं होतं.

"म्हणजे जो वर गेला तो मुळातच वरचा होता," ती ताईला म्हणाली. "आणि जो खालचा, तो एक पायरीसुद्धा चढला नाही. मी त्याचे दस्त वेगळे काढले. दर दस्तात एक तुकडा जातो. शेवटी मळाही जातो. आणि यांनी लिहून ठेवलंय की ही त्याची दूरदृष्टी होती. नागवला गेला बिचारा, आणि हे म्हणतात दूरदृष्टी."

तिचा आवाज चढला होता. ताईने तिच्याकडे पाहिलं.

"मेला तो हजार वर्षांपूर्वी. तू का एवढं लावून घेतेस?"

"कोणीतरी घ्यायला नको?"

"मग सरळ लेख लिही. स्वतःचं नाव घालून."

"सूची करणाऱ्या बाईचा लेख कोण छापतंय?"

"ते असू दे," ताई म्हणाली. "तुला छापायचं नाहीच. तुला त्यांची फजिती बघायची आहे."

तिने एक शेंग उचलून सोलली. मग म्हणाली, "दोन्ही."

शंका क्रमांक नऊमध्ये तिने हे सगळं तीन ओळींत मांडलं होतं, पानांच्या आकड्यांसकट, आणि शेवटी विचारलं होतं: 'नोंदी दोन कराव्यात का?' त्याखाली आता 'सर्व मान्य' होतं. तिने दोन नोंदी केल्या. नावापुढे एकीत कंसात 'न्यायाधीश', आणि दुसरीत 'शेतकरी, न्यायाधीशाहून वेगळा. एकाच दिवशी दोन ठिकाणी, पुस्तक १, पृ. २०७ व पुस्तक ३, पृ. ३१८ पाहावे'. मुद्रितं सरांकडे जाऊन आली. पहिली नऊशे पानं लाल शाईने भरून आली होती, स्वल्पविराम काढलेले, घातलेले, परत काढलेले. सूचीच्या पानांवर एक टिंबसुद्धा नव्हतं.

पुस्तक छापून झालं. परीक्षणासाठी प्रती गेल्या. ती वाट बघत राहिली. भाजी चिरताना, बसस्टॉपवर उभी असताना ती मनात तो प्रसंग रचायची. कोणीतरी भर सभेत उठेल, दोन पानांचे आकडे सांगेल, आणि सरांचा चेहरा पाहण्यासारखा होईल. मग विचारणा होईल की हे सूचीत घातलं कोणी. मग ती फाईल उघडेल. एवढंच तिला हवं होतं. तीस वर्षांपूर्वी खिदळलेल्या वर्गापुढे एकदा, फक्त एकदा, ती बरोबर ठरायला हवी होती.

प्रकाशन समारंभ एका रविवारी सकाळी अकराला विद्यापीठाच्या मोठ्या सभागृहात झाला. ताई मुद्दाम बरोबर आली. दोघी आठव्या रांगेत बसल्या. पुढच्या रांगांमध्ये तेच सगळे, दिवाणखान्यातल्याच क्रमाने. आधी विभागप्रमुख बोलले, ते दुसऱ्याच कोणत्या तरी पुस्तकाबद्दल बोलत असावेत. मग सावली बोलली, गळा दाटून आल्यामुळे लवकर बसली. शेवटी बाहेरच्या विद्यापीठातून आलेली एक तरुण अभ्यासक उठली. सडसडीत, केस बारीक कापलेली, आणि तिची जीभ धारदार असल्याची ख्याती होती. मोठमोठ्यांची पिसं काढायची.

"या खंडातली सगळ्यात धाडसी जागा प्रस्तावनेत नाही," अभ्यासक म्हणाली. "ती सूचीत आहे."

ताईने तिचा हात दाबला.

"सूचीत दोन ओळी आहेत. त्या मी वाचल्या, मागची पानं उघडून पडताळल्या, आणि मला रात्रभर झोप लागली नाही. त्या दोन ओळींत सरांनी स्वतःच्या पहिल्या पुस्तकाचा कणाच काढून घेतलाय. स्वतःच्या हाताने. तळटीप नाही, खुलासा नाही, कसला गाजावाजा नाही. मी इथे भांडायच्या तयारीने आले होते. पण जो माणूस ऐंशीव्या वर्षी आपली चूक इतक्या हळू आवाजात कबूल करतो, त्याच्याशी भांडायचं कसं? कोणत्या ओळी ते मी सांगणार नाही. इथे बसलेल्या सगळ्यांनी त्या वाचल्या असतीलच."

सभागृहातल्या दोनशे माना डोलल्या. ज्यांच्या मांडीवरच्या प्रतीचं प्लास्टिकसुद्धा निघालं नव्हतं, त्यांच्याही डोलल्या. विभागप्रमुखांनी तर डोळे मिटून घेतले, जणू त्या ओळी त्यांना पाठ होत्या. सावलीने मागे वळून सगळ्यांकडे पाहिलं, असं की बघा, मी तुम्हाला सांगत नव्हतो का!

आणि सर उठले. टेबलाचा आधार घेत, सावकाश. टाळ्या थांबेपर्यंत थांबले.

"आमच्या धंद्यात," सर म्हणाले, "चूक ही लपवायची गोष्ट नसते. जे दिसलं ते मांडलं. यात थोरपण कसलं?"

मग टाळ्या थांबेचनात. पुढच्या रांगा उभ्या राहिल्या, मग मधल्या, मग सगळेच. ताई बसून राहिली. ती मात्र उभी राहिली; उभं राहिलं नाही तर पुढचं काही दिसणार नाही, असं तिने स्वतःला सांगितलं.

"ते खोटं बोलतायत," ताई म्हणाली.

"नाही," ती म्हणाली. "त्यांना माहीतच नाहीये."

नंतर बाहेरच्या व्हरांड्यात चहा होता. लोक सरांच्या पाया पडत होते, फोटो काढून घेत होते. ती फाईल छातीशी धरून खांबापाशी उभी होती. तिच्या मनात वाक्यं तयार होती, तीस वर्षांत घासून घासून लखलखीत झालेली. तेवढ्यात सरांनी सावलीला पाण्यासाठी पिटाळलं, भोवतालची गर्दी हाताने बाजूला सारली, आणि बोटाने तिला जवळ बोलावलं.

"बाई, या इकडे. बसा."

बसायला सावलीची खुर्ची होती. ती बसली. सरांनी तोंड तिच्या कानाजवळ आणलं.

"कोणत्या ओळी म्हणतेय ती?"

जवळून ते खूपच म्हातारे दिसत होते. गालावर दाढीचे चार पांढरे खुंट राहून गेले होते. तिला फक्त मोठ्याने बोलायचं होतं. दहा पावलांवर ती अभ्यासक उभी होती, विभागप्रमुख होते, निम्मं विद्यापीठ होतं. 'तुम्ही सही केली होतीत, सर, वाचली नव्हतीत.' इतकंच, नेहमीच्या आवाजात म्हटलं असतं तरी पुरे झालं असतं.

"धनी दोन आहेत, सर," ती म्हणाली. "शेतकरी वेगळा, न्यायाधीश वेगळा." आणि मग तिने पानं सांगितली, दस्त सांगितले, सहा दिवसांचं अंतर सांगितलं. सांगता सांगता तिच्या लक्षात आलं की आपण कुजबुजतोय. हाताचा आडोसा धरून कुजबुजतोय, कोणाला ऐकू जाऊ नये म्हणून. तिला स्वतःची भयंकर लाज वाटली. तरी आवाज चढला नाही.

समजायला त्यांना अर्धं मिनिटही लागलं नाही, हे मान्य करायला हवं. पान तीनशे अठरा म्हणताच त्यांचा जबडा सैल पडला. क्षणभर सर कुठेच बघत नव्हते. पहिलं पुस्तक, त्यातली सगळी प्रकरणं, तीस वर्षांची व्याख्यानं, सगळं एकापाठोपाठ एक कोसळत गेलेलं तिने त्या चेहऱ्यावर पाहिलं. हेच बघायचं होतं तिला. इतक्या जवळून, आणि फक्त तिलाच दिसलं.

मग त्यांनी जबडा मिटला.

"हं," सर म्हणाले. "मला वाटतच होतं."

तेवढ्यात ती तरुण अभ्यासक सही घ्यायला प्रत घेऊन आली. खुर्ची एकच होती. उठून तिने अभ्यासकाला बसायला जागा करून दिली आणि ती परत खांबापाशी जाऊन उभी राहिली.

"खरं सांगू का," सर अभ्यासकाला म्हणाले, आणि त्यांचा आवाज पुन्हा व्याख्यानाचा झाला, गोल, भरदार. "तो शेतकरी मला कित्येक वर्षं छळत होता. आपण त्याला मोठा केला, पण तो मोठा नव्हताच. एकेक तुकडा विकत, देत, संपत गेला बिचारा. आणि आम्ही त्याला दूरदृष्टी म्हणत बसलो. एके दिवशी दोन दस्त शेजारी ठेवले. एकीकडे हा मळा देतोय, दुसरीकडे तो निवाडा करतोय. दिवस एकच. तारीख..."

सर अडखळले. अभ्यासक पेन हातात धरून थांबली होती. तिचे डोळे भरून आले होते. पाण्याचा पेला घेऊन आलेली सावलीही थांबली. सरांनी मान वळवून खांबाकडे, तिच्याकडे पाहिलं. त्या नजरेत विनंती वगैरे नव्हती. टेबलावरचा चष्मा शोधताना असते तशी नजर होती.

ताई मागे उभी होती. तिने बहिणीच्या पाठीवर हात ठेवला.

गप्प राहायला काहीच कष्ट नव्हते. चार श्वास गप्प राहिली असती तरी अभ्यासकाच्या कपाळावर एक आठी पडली असती, आणि अशा बाईला एक आठी पुरते. चुकीची तारीख सांगणं तर तिला मरेपर्यंत जमलं नसतं. पण गप्प राहणं तिला जमेल असं तिला इतकी वर्षं वाटत आलं होतं.

"बारा सप्टेंबर," ती म्हणाली. "आठशे बावीस."

मग कोणी मागितलं नसताना तिने पुढे जोडलं, "सर."